कुस्तीचा गेम बनवणाऱ्यांना खुलं पत्र: पैलवान लपवा, पण अडवू नका

कुस्तीचे व्हिडीओ गेम बनवणाऱ्या आणि विकणाऱ्या साहेबांना,

नमस्कार. मी कोल्हापूरचा, उत्तरेश्वर पेठेत राहतो, वय ३५, मोटार रिवाइंडिंगचं छोटं दुकान आहे आणि तेरा-चौदा वर्षांचा असल्यापासून रेसलिंगचे गेम खेळत आलोय. कंपनीचं नाव मुद्दाम घातलेलं नाही कारण हे आता एकट्या कुणाचं राहिलेलं नाही, सगळीकडं हीच पद्धत पडलीय, पण ज्यांच्यासाठी हे पत्र आहे त्यांना वाचल्यावर बरोबर कळेल. बाकीच्यांनीही वाचावं म्हणून उघड लिहितोय, विशेषतः घरात ज्यांची पोरं हे गेम खेळतात त्यांनी.

गेल्या महिन्यात माझ्या भाच्याच्या बाबतीत जे झालं ते बघून गप्प बसवेना.

भाचा सातवीत आहे. सकाळी साडेपाचला तालमीत जातो, जोर-बैठका मारून घरी येतो, शाळा, आणि संध्याकाळी एक तास माझ्याकडं गेम. एकच तास, हे त्याच्या आईनं ठरवून दिलंय आणि तो पाळतो. मागच्या दिवाळीत त्यानं साठवलेले अकराशे रुपये आणि वरचे माझे असं करून आम्ही तुमचा गेम घेतला, पाच हजाराच्या आसपास पडला. त्यात एक जुना पैलवान आहे, त्याच्या फोटोवर कुलूप. ह्या पैलवानाच्या गोष्टी मी त्याला लहानपणापासून सांगितलेल्या त्यामुळं त्याला तोच पाहिजे होता. किंमत बारा हजार नाणी, म्हणजे गेममधलीच नाणी, मॅच खेळून मिळणारी. पोरानं गणिताच्या वहीच्या शेवटच्या पानावर रेघा मारून हिशोब सुरू केला, तारीख, आज किती मिळाली, एकूण किती. एका मॅचला साठ-सत्तर नाणी मिळायची, कधी हरला तर वीस. तीन आठवड्यांहून जास्त दिवस रोज लिहीत होता. शेवटची ओळ शनिवारची आहे, ११,७४०, त्याला गोल केलाय आणि पुढं लिहिलंय 'उद्या'.

रविवारी गेम लावला तर तो पैलवान त्या जागी नव्हताच. सीझन, म्हणजे गेममधला ठरावीक मुदतीचा टप्पा, संपला म्हणं. त्याच्या जागी दुसरंच काहीतरी आलेलं. नाणी तशीच शिल्लक, पण ज्याच्यासाठी साठवली तो गायब, आणि दुसऱ्या पानावर बघितलं तर तोच पैलवान पॅकमध्ये खऱ्या पैशात विकायला ठेवलेला. पोरगं रडलं नाही. मला एवढंच म्हणालं, "मामा, मग माझं कुठं चुकलं?"

साहेब, ह्याला मी काय उत्तर देणार होतो? त्याचं काहीच चुकलेलं नव्हतं.

तुम्ही म्हणाल गेममध्ये लपवलेल्या गोष्टी आधीपासूनच आहेत, आत्ताच काय झालं. बरोबर आहे, आणि मी त्या लपवण्याच्या विरोधात अजिबात नाही, उलट त्याच्यामुळंच मी ह्या गेमला लागलो. २००४-०५ साली आमच्या पेठेजवळ एक गेम पार्लर होतं, दोन टीव्ही, दोन पीएसटू म्हणजे प्लेस्टेशन-२, वीस रुपये तास. तिथं 'स्मॅकडाऊन हिअर कम्स द पेन' चालायचा, २००३ साली आलेला गेम, युक्स ह्या जपानी कंपनीनं बनवलेला आणि टीएचक्यूनं काढलेला. सुरुवातीला त्यात तेव्हाचे चालू पैलवान असायचे, ब्रॉक लेस्नर, अंडरटेकर, कर्ट अँगल वगैरे. जुने पैलवान बंद असायचे. सीझन म्हणजे तेव्हा मॅचमागून मॅच खेळत जायचा मोड, तो खेळायचा, मॅच जिंकायच्या, गेममधले पैसे मिळायचे आणि ते घेऊन शॉपझोनमध्ये, म्हणजे गेममधल्याच दुकानात, गेलं की एकेक जुना पैलवान घेता यायचा, रॉडी पायपर, टेड डिबियासी, सार्जंट स्लॉटर, जिमी स्नुका, हॉक आणि अ‍ॅनिमलची जोडी. जुना अंडरटेकरसुद्धा वेगळा घेता यायचा. खिशातला रुपया कुठंच लागत नव्हता.

पार्लरमध्ये खेळ जिथवर आलाय ते साठवायचं एकच मेमरी कार्ड, आठ एमबीचं, काळं. पार्लरवाल्या काकांनी त्याच्यावर दवाखान्यातली पांढरी पट्टी चिकटवून पेननं 'पुसू नये' लिहिलेलं. त्या कार्डावर अख्ख्या पेठेतल्या पोरांची मेहनत होती बघा. एकजण सीझन अर्धा खेळून क्लासला जायचा, दुसरा तिथनं पुढं ओढायचा, आणि कुणी नवीन पैलवान उघडला की गल्लीच्या टोकापर्यंत बातमी जायची. आयर्न शेख ज्या दिवशी उघडला तो दिवस मला आजही आठवतो. बाहेर पाऊस होता, पार्लरमध्ये पंधरा-वीस पोरं दाटीवाटीनं उभी होती, आणि ज्यानं उघडला त्यालाच पहिल्यांदा खेळू दिला, तो नियमच होता. पुढं त्या आयर्न शेखवरनं मला कळलं की हा गडी इराणचा खरा पैलवान होता, खरोखरची कुस्ती करून मग अमेरिकेत गेलेला, आणि रिंगमध्ये येऊन मोठमोठे लाकडी मुद्गल फिरवून दाखवायचा, समोरच्याला म्हणायचा तूही फिरवून दाखव. माझे आजोबा गंगावेश तालमीतले. ते ह्या सगळ्याला नुरा कुस्ती म्हणायचे, बघायचेसुद्धा नाहीत. पण मी मोबाईलवर त्यांना आयर्न शेखचा मुद्गल फिरवतानाचा व्हिडीओ दाखवला तर चष्मा लावून तीनदा बघितला आणि म्हणाले, "ह्यो तालमीतलाच हाय. खांदा बघ की त्येचा, असा खांदा फुकट येत न्हाई." एका गेममध्ये लपवलेल्या पैलवानामुळं माझी आणि आजोबांची त्या एका विषयावर पुढं कितीतरी वेळ गप्पा व्हायच्या. लपवलेल्या गोष्टीची ही किंमत असते.

आणि आम्हा कोल्हापूरकरांना तर राखून ठेवणं काय असतं ते शिकवायची गरजच नाही. शाहू महाराजांनी १९१२ साली खासबाग मैदान बांधलं, असं खोलगट की कुठंही बसा, मधल्या मातीतली कुस्ती दिसतेच. खाशाबा जाधव १९५२ ला हेलसिंकीहून ब्राँझ घेऊन आले ते आमच्या राजाराम कॉलेजात शिकलेले. इथं शेंबड्या पोरालाही माहीत असतं की वस्ताद सगळे डाव एकदम देत नाही. ढाक, कलाजंग, धोबीपछाड, निकाल, घिस्सा, हे एकेक करून येतात, आणि एखादा डाव वस्ताद राखूनच ठेवतो. पण तो का राखतो? भाच्याच्या वस्तादांना मी हे विचारलं, ते म्हणाले, "पोराच्या मानंत, कमरंत ताकद आली की डाव देतोय आम्ही. आधी दिला तर त्योच मोडून पडंल. आन् दिलेला डाव परत मागून घ्यायचा नसतोय." बास, मला तुम्हाला एवढंच सांगायचंय. तुम्ही राखून ठेवा, मेहनत करायला लावा, अवघड करा, पण मेहनत पूर्ण व्हायच्या आदल्या दिवशी आखाड्याला कुलूप लावू नका.

आता तक्रारी एकेक करून सांगतो, कारण मोघम लिहिलं की मोघम उत्तर येतं.

पहिली आणि सगळ्यात मोठी हीच, वेळेची मर्यादा. जो पैलवान आम्ही विकत घेतलेल्या गेममध्ये आधीच भरलेला आहे, ज्याचा चेहरा, कपडे, डाव सगळं आमच्या मशीनमध्ये उतरवलेलं आहे, तो सहा आठवड्यांपुरताच का मिळावा? शाळेतल्या पोराला परीक्षा असते, माणसाला दुकान असतं, घरात कुणी आजारी असतं. तुमचा सीझन आमच्या घरच्या वेळापत्रकावर चालत नाही, आणि उरलेले दिवस सांगणारा आकडा तुम्ही अशा पानावर ठेवलाय जे नाणी खर्च करतानाच उघडतं, कमावताना दिसतच नाही. आपल्या देशात ३० नोव्हेंबर २०२३ ला ग्राहकांना फसवणाऱ्या अशा डिझाइनविरुद्ध, म्हणजे डार्क पॅटर्नविरुद्ध, मार्गदर्शक नियम आलेत, त्यात १३ प्रकार सांगितलेत आणि खोटी घाई करायला लावणं हा त्यातलाच एक. तुमचं त्यात बसतं का नाही हे ठरवणारा मी कोण नाही, पण बारा वर्षाच्या पोराला घाई करायला लावून शेवटी पैशाच्या पानावर आणून सोडायचं, हे मला तरी त्याच्या लई जवळचं वाटतं.

दुसरी नेटची. एकट्यानं खेळायचा मोड, समोर कॉम्प्युटर, तरी नाणी मिळायला आणि कुलूप उघडायला तुमच्या सर्व्हरशी जोडणी पाहिजे. आमची पेठ पंचगंगेच्या अंगाला आहे. पावसाळ्यात राजाराम बंधाऱ्याची पातळी ४३ फुटाच्या धोक्याच्या खुणेकडं सरकायला लागली की आमच्याकडं सगळं लक्ष तिकडंच असतं, लाईट जाते, नेट जातं, शाळांना सुट्टी असते आणि पोरं घरात अडकतात. अशाच एका दिवशी इन्व्हर्टरवर टीव्ही लावून भाच्यानं चार मॅच खेळल्या, जिंकल्या, आणि एक नाणं मिळालं नाही. सर्व्हर सापडत नाही असा बोर्ड आला. २००३ चा गेम हे सगळं आठ एमबीच्या कार्डावर करत होता साहेब, आणि आजच्या गेमनं आमच्या मशीनची शंभर जीबीच्या आसपास जागा खाल्लीय.

तिसरी, पैलवानांचे पत्ते निघणाऱ्या पॅकची. पैसे द्यायचे, पॅक फोडायचं, आत कोण निघेल ते नशीब. ह्याला आमच्याकडं सोरट म्हणतात. जत्रेत पोरं खेळतात आणि मोठी माणसं हाताला धरून तिथनं बाजूला नेतात. बेल्जियमनं २०१८ सालीच पैसे देऊन घ्यायच्या अशा बंद पेट्यांना जुगार ठरवलं. निदान कुठला पैलवान निघायची शक्यता किती टक्के आहे ते पॅक घ्यायच्या आधी, त्याच पानावर, मोठ्या अक्षरात तरी दाखवा.

चौथी थोडक्यात, एका घरात दोन पोरं असली तर दोन अकाउंट, आणि एकानं कमावलेलं दुसऱ्याला चालत नाही. माझी भाची पण खेळते. तिला सगळं पहिल्यापासनं. पेठेतली सगळी पोरं एका कार्डावर खेळली हे मी वर सांगितलंच.

पाचवी मात्र जरा सविस्तर लिहितो कारण ती आत्ता कुणाच्या लक्षात येत नाहीय आणि उद्या सगळ्यांना लागणार आहे. तुमचे गेम दरवर्षी नवीन येतात आणि जुन्याचे सर्व्हर थोड्या वर्षांनी बंद होतात. मी दोन-तीन वर्षांपूर्वीचा एक भाग सेलमध्ये स्वस्तात घेतला, रीतसर पैसे देऊन, आणि घरी येऊन कळलं की त्यातले निम्मे बंद पैलवान आता कुठल्याच मार्गानं उघडत नाहीत, कारण ज्या दुकानातनं ते उघडायचे ते दुकानच सर्व्हरबरोबर गेलं. फोटो दिसतात, नावं दिसतात, कुलूप दिसतं. किल्ली जगात कुठंच नाही. असं करायचंच असेल तर निदान विकताना तरी सांगा. 'द क्रू' नावाचा २०१४ चा गाड्यांचा गेम होता, ३१ मार्च २०२४ ला त्याचे सर्व्हर बंद केले आणि पैसे देऊन घेतलेला गेम लोकांकडं असून नसल्यासारखा झाला. त्यावरनं युरोपात मोहीम उभी राहिली आणि २०२५ मध्ये १० लाखांवर लोकांनी सह्या केल्या, की विकलेला गेम बंद पाडू नका. म्हणजे हे दुखणं एकट्या कोल्हापूरचं नाही.

आणि तुलना करायची तर ही बघा. टीएचक्यू कंपनीनं डिसेंबर २०१२ मध्ये दिवाळखोरी जाहीर केली, पुढं तिचे तुकडे होऊन विकले गेले. कंपनी उरली नाही. पण पार्लरवाल्या काकांनी दुकान बंद करताना ते मेमरी कार्ड मला दिलं, आणि मागच्या रविवारी मी जुना पीएसटू काढून, वायरी साफ करून भाच्याला लावून दाखवला. आयर्न शेख उघडला. रॉडी पायपर उघडला. पट्टीवरचं 'पुसू नये' अजून वाचता येतं. गेम काढणारी कंपनी बुडाली तरी पोरांनी कमावलेलं पोरांकडं राहिलं, आणि तुमची कंपनी जोरात चालू असताना माझ्या भाच्याचं कमावलेलं एका रात्रीत गेलं.

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायची तर त्या काळात आमच्याकडं ओरिजिनल डिस्क क्वचितच असायची. ते चूक होतं. म्हणूनच स्वतः कमवायला लागल्यावर ठरवलं की गेम घ्यायचा तर ओरिजिनलच घ्यायचा, ज्यांनी एवढ्या मेहनतीनं बनवलाय त्यांना त्यांचे पैसे मिळाले पाहिजेत. आजपर्यंत तसंच केलंय, सगळी बिलं आहेत. आणि वाईट ह्याचंच वाटतं, की पैसे मोजून घेतल्यावर माझ्या हातात जे येतं ते त्या वेळच्यापेक्षा कमी माझं असतं.

मागण्या साध्या आहेत.

गेममध्ये आधीच असलेला प्रत्येक पैलवान, प्रत्येक मैदान, प्रत्येक पट्टा खेळून उघडता आला पाहिजे आणि त्याला तारखेची मर्यादा नको. कितीही अवघड ठेवा, शंभर मॅच खेळायला लावा, आमची तयारी आहे. ज्याला वेळ नाही त्याला पैसे घेऊन सगळं एकदम उघडून देता, ते खुशाल द्या, पण त्या विक्रीसाठी खेळून उघडायची वाट मुद्दाम लांब करू नका.

सीझन संपला म्हणून काही काढणारच असाल तर ज्याच्याकडं निम्म्याहून जास्त नाणी जमलीत त्याला तो पैलवान घेऊ द्या, आणि उरलेले दिवस किती ते मॅच संपल्यावर जिथं नाणी मिळतात तिथंच दाखवा.

एकट्यानं खेळायच्या मोडला नेट लागू नये. जमलेली नाणी मशीनमध्ये साठवा, नेट आलं की पाहिजे तर तपासून घ्या.

सर्व्हर बंद करायच्या आधी एक शेवटचं अपडेट काढा ज्यानं सगळी कुलपं एकदम उघडतील. तोपर्यंत तुमचा त्या गेमवरचा धंदा झालेला असतो, तुमचं काही जात नाही, आणि पुढं विकत घेणाऱ्याला पूर्ण गेम मिळतो. तारीखही निदान सहा महिने आधी जाहीर करा, आणि बंद झालेला भाग विकायला ठेवणार असाल तर त्याच्या पहिल्याच पानावर काय चालत नाही ते लिहा.

एका मशीनवरच्या घरच्या सगळ्यांना कमावलेले पैलवान वापरता येऊ द्यात.

आणि नशिबाचे पॅक अठरा वर्षांखालच्या पोरांच्या अकाउंटवर दिसूच नयेत.

मी शिव्या द्यायला हे लिहिलेलं नाही, तुमच्यात काम करणाऱ्या लोकांचं कामही मला दिसतं. पैलवान रिंगमध्ये येतानाचं चालणं, पडल्यावर पाठ धरून उठणं, एवढं बारीक कुणीतरी बसून केलंय आणि मी ते भाच्याला थांबवून दाखवतो. पण हे शहर टोल देणार नाही म्हणून कित्येक वर्षं रस्त्यावर भांडलं आणि शेवटी टोल काढूनच थांबलं, तेव्हा आम्ही एकदा तक्रार करून विसरून जाऊ असंही समजू नका. पेठेतल्या आणि तालमीतल्या चौतीस जणांनी ह्या पत्रावर सह्या केल्यात, त्यात सोळा पालक आहेत. तुमच्या मदत केंद्राला मी दोनदा लिहिलं, दोन्ही वेळा तेच ठरलेलं उत्तर आलं की सीझनचा माल उपलब्धतेनुसार मिळतो. ह्या पत्राला महिनाभरात नीट उत्तर आलं नाही तर मी १९१५ ह्या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाईनवर रीतसर तक्रार नोंदवणार, बिल आणि वहीच्या त्या पानाच्या फोटोसकट.

नाणी अजून तशीच आहेत, ११,७४०. भाच्यानं खर्च केलेली नाहीत. रोज संध्याकाळी गेम लावला की आधी ते पान उघडून बघतो, पैलवान परत आला का म्हणून. पुढच्या अपडेटमध्ये आणणार असाल तर तारीख आधी कळवा, मार्चमध्ये त्याची परीक्षा आहे.

आपला,
उत्तरेश्वर पेठेतला एक जुना खेळणारा
कोल्हापूर